एक जूनचा लेफ्ट बॅक

एखाद्या माणसाची चारचौघांत ओळख करून द्यायची असेल तर आधी त्याच माणसाला दोन प्रश्न विचारून घ्यावेत, एवढी साधी गोष्ट मला वयाच्या चव्वेचाळिसाव्या वर्षी, भर स्नेहसंमेलनात, माइकसमोर उभं असताना कळली.

मी खामगावच्या एका शाळेत लिपिक आहे. अक्षर बरं आणि आवाज मोठा, या दोन कारणांनी पाहुण्यांचा परिचय दरवर्षी माझ्याच गळ्यात पडतो. त्या वर्षी पाहुणे होते आमच्याच मैदानावर मुलींना फुटबॉल शिकवणारे सर. गोव्यात, कोलकात्यात पगारी फुटबॉल खेळून आलेला माणूस आपल्या गावात आहे म्हटल्यावर मला स्फुरण चढलं. आदल्या दिवशी बसून मी दोन पानं लिहिली. 'वयाच्या अवघ्या सतराव्या वर्षी निवड', 'झंझावाती कारकिर्दीत असंख्य गोल', वगैरे. टाळ्याही चांगल्या पडल्या. मग सर उठले आणि माइक न घेताच बोलले.

"बाबूनं चांगलं लेहलं. पण मी लेफ्ट बॅक होतो. गोल करणं माहं काम नोहोतं, थांबवणं होतं. अकरा वर्सात एकच गोल झाला माह्या पायानं, तो बी आपल्याच जाळ्यात. आन् सतरा कागदावर होते. खरे वीस."

एवढं बोलून ते बसले. हेच त्यांचं अध्यक्षीय भाषण. मुख्याध्यापकांनी माझ्याकडे पाहिलं. मी माझ्या कागदाकडे पाहिलं. 'असंख्य' हा शब्द मी दोनदा गिरवला होता.

त्यांची खरी कारकीर्द मला नंतर तुकड्यातुकड्यांनी कळली. वडील कापसाच्या एका जिनिंगमध्ये गाठी बांधायचे. हंगाम संपला की ते आवार रिकामं व्हायचं आणि मजुरांची पोरं तिथे अनवाणी खेळायची. तिथून नागपूरला निवड झाली. मग मुंबईच्या एका कंपनीचा संघ. हजेरीपटावर हेल्पर आणि प्रत्यक्षात सकाळ-संध्याकाळ फुटबॉल. मग गोवा, कोलकाता, पुन्हा गोवा. डावा गुडघा गेल्यावर त्याच क्लबात लहान मुलांचे प्रशिक्षक झाले, परीक्षा देऊन लायसन्स घेतलं, आणि आई अंथरुणाला खिळली तेव्हा परत खामगाव. आई गेली, सर राहिले. लग्न केलं नाही. का केलं नाही विचारलं तर म्हणायचे, "सीझन चालू होता."

आमच्या शाळेत ते आले ते मुलांना शिकवायला. पण मुलं अर्धी क्रिकेटला आणि अर्धी पोलीस भरतीच्या नावानं पळायला जायची. सरांनी मुली मागितल्या. मुख्याध्यापक म्हणाले, "मुली?" सर म्हणाले, "काऊन, त्याईले पाय नाई का?"

सामना सुरू झाला की सर एक बादली पालथी घालून तिच्यावर बसायचे, मैदानाकडे पाठ करून. तोंड प्रेक्षकांकडे. बघणाऱ्यांना वाटायचं, हा माणूस रुसला. मी एकदा कारण विचारलं.

"डोये फसवतेत, बाबू. डोये चेंडूच्या मांगं पयतेत. कानाले सारं मैदान ऐकू येते."

आणि येत असावं. मागे धप्प आवाज झाला की मान न वळवता ते ओरडायचे, "लेफ्ट बॅक इतकी पुढं कायले गेली बे?" ती खरोखरच पुढे गेलेली असायची. मीही एकदा त्यांच्या शेजारी विटेवर बसून प्रयोग केला. दहा मिनिटांत मला फक्त कुल्फीवाल्याची घंटी ऐकू आली. मग चेंडू मानेवर बसला. तो काही ऐकू आला नव्हता.

मागच्या फळीतल्या चार मुलींनी एका रेषेत हलावं म्हणून ते चौघींच्या कमरेला बैलाचा कासरा बांधायचे, दोघींमध्ये चार-चार हात अंतर ठेवून. एका बापाला ते रुचलं नाही. "सर, पोरी हायेत का बैलं?" म्हणाला. सर म्हणाले, "बैलं असते तं दोन दिवसांत शिकले असते." माझीही मुलगी त्या चौघींत होती. दुसऱ्या दिवशी त्यांनी आम्हा चार बापांनाच कासऱ्यात बांधलं आणि चेंडू सोडला. तिघे डावीकडे गेले. मी उजवीकडे गेलो. पुढचं मला जमिनीवरून दिसलं.

"बाबू," सर वाकून म्हणाले, "तुमी सरळ आपलं पाह्यता आन् पयता. दोर असला की आंधी शेजाऱ्याकडं पाहा लागते."

आठवडाभर मी कंबर धरून कार्यालयात आलो. विचारणाऱ्यांना सांगितलं, घरी गव्हाची पोती उचलली.

त्यांच्या संघात नाव घालायचं तर एक अट होती. मुलीच्या आईनं येऊन भेटायचं. बाप चालत नसे. "बाप कागद आणते," ते म्हणायचे, "मायले तारीख मालूम असते." आणि आईला ते तारीख विचारायचेच नाहीत. विचारायचे, "पोट्टी झाली तवा वावरात काय होतं?" कुणी म्हणायची, तूर सोंगणं चालू होतं. कुणी म्हणायची, हरभरा घाट्यावर आला होता. शहरातली एखादी गोंधळायची, तिला कूलर लावला होता का काढला होता ते विचारायचे. मग हे सगळं एका वहीत लिहायचे, मुलीचं नाव आणि पुढे 'तूर सोंगणी' किंवा 'कूलर'. नंतर जन्मदाखल्याशी ताडून पाहायचे. दोन मुलींना त्यांनी असंच वरच्या वयोगटात ढकललं होतं. एकीचा बाप भांडायला आला, तर सरांनी त्याच्यापुढे वही धरली. "हे तुह्या बायकोनं सांगतलं. भांड तिच्याशी." तो गेला. भांडला नसावा.

माझी मुलगी त्या फळीत डावीकडे खेळायची. लेफ्ट बॅक. डावी बाजू सर सहजासहजी कुणाला देत नसत; ती त्यांची स्वतःची जागा. तिला दिली तेव्हा त्यांनी फक्त "पाहू" म्हटलं होतं, आणि वर्षभरानं एकदा "चाललं" म्हटलं. यापेक्षा मोठी शाबासकी त्यांच्याकडे नव्हती. ती घरी आली आणि दारातूनच ओरडली, "सर चाललं म्हणले!" माझी बायको घाबरून बाहेर आली. तिला वाटलं सर कुठे चालले.

तर त्या अटीप्रमाणे माझ्याही बायकोनं सरांना भेटायला हवं होतं. पण ती भेट मी दोन वर्षं टाळली. कधी ती माहेरी गेलेली असायची, कधी तिला ताप असायचा. एवढा ताप तिला आयुष्यात आला नसेल. सरही म्हणाले, "जाऊ द्या बाबू, शाळेच्या कागदाचे मालक तुमीच. तुमाले काय तपासा?"

त्याचं कारण आता लिहून टाकतो. बायकोचं माहेर धामणगाव बढ्याच्या अलीकडचं एक खेडं. पहिलं बाळंतपण तिथेच, घरीच झालं. जन्माची नोंद करायला मी गेलो. हातात फॉर्म होता आणि मी नुकताच नोकरीत कायम झालो होतो, त्यामुळे डोक्यात फक्त सेवानियम होते. तारखेच्या रकान्यापाशी माझा पेन थांबला. मनात आलं, तारीख थोडी पुढे लिहिली तर पोरगी उद्या नोकरीला लागल्यावर तीन महिने उशिरा निवृत्त होईल. मी जानेवारीतली तारीख होईपर्यंत थांबलो आणि मग फॉर्म भरून दिला. पोरीला अजून मान धरता येत नव्हती आणि मी तिच्या निवृत्तीची सोय करून आलो होतो. बायको म्हणाली होती, "हे कायले?" मी म्हणालो, "तुला कायदा कळत नाही." पोरीच्या तोंडून पुढेमागे निसटू नये म्हणून वाढदिवसही जानेवारीतच करत आलो.

आता हे तीन महिने फुटबॉलमध्ये कुठे आडवे येतील, असं मला स्वप्नातही वाटलं नव्हतं. पण चौदा वर्षांखालच्या गटात ठरलेल्या सालच्या एक जानेवारीनंतर जन्मलेल्या मुली बसतात, आधीच्या नाही. कागदावर माझी मुलगी पाच दिवसांनी बसत होती. खरी अडीच महिन्यांनी बाहेर होती.

हे सरांना सांगायची एक संधी मला मिळालीही होती. हे सगळं बाहेर येण्याच्या वर्षभर आधी गोलपोस्टचा आडवा पाइप निखळला. खामगावात वेल्डिंगवाले गल्लोगल्ली आहेत, पण सरांनी तो पाइप टेम्पोत घालून थेट मलकापूरला न्यायचं ठरवलं. शाळेचा माणूस म्हणून मी सोबत. मला वाटलं, असेल तिथे कुणी नातेवाईक. रेल्वे लाइनीच्या पलीकडे एक छोटं दुकान होतं. सरांहून थोडा लहान, काळा चष्मा लावलेला माणूस बाहेर आला. नमस्कार नाही, चमत्कार नाही. "आला का?" म्हणाला. "पाइप इकडं धर." सरांनी पाइप धरला. तासभर काम चाललं. शेवटी त्या माणसानं टेम्पोतला चेंडू मागितला, दुकानासमोर पाइप दोन ड्रमांवर आडवा ठेवला आणि पायातली चप्पल न काढता वीस-पंचवीस पावलांवरून डाव्या पायानं चेंडू मारला. चेंडू बरोबर वेल्डिंगच्या सांध्यावर बसला. पाइप खणखणला. सांधा हलला नाही. "जा घेऊन," तो म्हणाला.

परतताना टेम्पोत मी विचारलं, "सर, हा कोण?"

"सोळावा," सर म्हणाले.

मग त्यांनी सांगितलं. शाळेत घालताना मास्तरनं त्यांना उजवा हात डोक्यावरून डाव्या कानाला लावायला सांगितलं होतं. हात पुरला की मूल सहा वर्षांचं, अशी तेव्हाची पद्धत. सर खाण्यापिण्याच्या ओढाताणीनं किरकोळ अंगाचे, त्यांचा हात नऊ वर्षांचे झाल्यावर जेमतेम पुरला. मास्तरनं सहा वर्षं धरली आणि जन्मतारीख घातली एक जून. त्या काळी निम्मा वर्ग एक जूनला जन्मलेला असायचा.

"नागपूरले निवड होती. सतराच्या आतले पंधरा पोट्टे पायजे होते. मी वीसचा. सतराच्या पोट्ट्यायमधी वीसचा म्हणजे घोडा. पंधरात आलो. हा सोळावा राह्यला. लेफ्ट बॅकच होता. खरा सतराचा."

"त्याला माहीत आहे?"

"मीच सांगतलं ना. गोव्याहून आल्यावर पयले मलकापूरलेच उतरलो."

"मग काय म्हणाला?"

"काई नाई. वेल्डिंग चालू होती, म्हणे चष्मा नाई तुह्या डोयावर, तिकडं पाहा."

मग सर म्हणाले, "कागदावर सत्तावीसचा होतो तवा क्लबनं नवीन करार देला. पाच वर्साचा. डॉक्टरनं गुडघ्याचा फोटो पाह्यला आन् म्हणे, हा सत्तावीसचा गुडघा नाही. गुडघ्यानं एक जून मानलाच नाही, बाबू."

मला तिथेच बोलता आलं असतं. टेम्पोत आम्ही तिघेच होतो आणि ड्रायव्हरच्या कानात गाणी होती. मी नांदुऱ्यापर्यंत खिडकीतून बाहेर पाहत राहिलो. नांदुऱ्याला चहा प्यायलो. चहा चांगला आहे असं म्हणालो.

मागच्या हंगामात आमच्या मुली जिल्ह्यातून निवडल्या गेल्या. पुढचे सामने अमरावतीला, आणि तिथूनच राज्याची निवड. माझी मुलगी महिनाभर बूट उशाशी घेऊन झोपत होती. मी कार्यालयात संघाचे फॉर्म भरत बसलो होतो. त्याच वेळी, मला न विचारता, बायको मैदानावर गेली. मुलगी डबा विसरली होती म्हणून. सर बादलीवर बसले होते. मुलीची 'माय' ही हाक ऐकून त्यांनी ओळखलं.

"वहिनी, तुमाले इचारायचं राह्यलंच होतं. पोट्टी झाली तवा वावरात काय होतं?"

"कापसाचा पयला वेचा," बायको म्हणाली. "माय वेचाले गेलती. कोजागिरीले दोन रोज होते."

सर पंधरा मिनिटांनी माझ्या टेबलासमोर उभे होते. फॉर्मच्या चळतीतून त्यांनी एक काढला आणि माझ्यापुढे ठेवला.

"हा काढा, बाबू."

"काऊन सर?"

"जानेवारीत पयला वेचा होते का कुठी?"

मला कळलं. पण सोळा वर्षांची नोकरी अंगात मुरलेली असते. मी म्हणालो, "सर, दाखला सरकारी आहे. सही आहे, शिक्का आहे."

"माहा बी सरकारीच होता."

"पण कोणाला कळणार आहे?"

"तुमाले मालूम. मले मालूम झालं. वहिनीले तं पयल्या दिवसापासून मालूम. आजून किती जण पायजेत?"

सर दाराकडे वळले आणि तिथून म्हणाले, "तिले मी नाई सांगणार. तारीख तुमी लेहली. सांगा बी तुमीच." एवढंच. टेम्पोतल्या गोष्टीबद्दल, मी वर्षभर गप्प राहिल्याबद्दल ते एक शब्द बोलले नाहीत. बोलले असते तर बरं झालं असतं.

संध्याकाळी मी मुलीला समोर बसवलं आणि सेवानियमांपासून सुरुवात केली. नियत वयोमान, सेवापुस्तक, तीन महिन्यांचा लाभ. ती बुटाच्या नाड्या ओवत ऐकत होती. शेवटी म्हणाली, "बाबा, सरळ सांगा ना. काय केलं तुमी?"

मी सरळ सांगितलं. ते चार वाक्यांतच संपलं.

तिनं ओवलेली नाडी पुन्हा काढली. मग विचारलं, "म्हणजे सर मले काढून राह्यले?"

"फक्त या गटातून. पुढच्या साली तू सतराखालच्या..."

"आन् माह्या जागेवर कोण?"

मला ते माहीत नव्हतं. ती उठली, एक बूट हातात, एक खाली, आणि तशीच मागच्या दारी जाऊन बसली. रडली की नाही सांगता येत नाही. मी तिकडे जायला निघालो तर बायकोनं हातानंच थांबवलं.

दुसऱ्या दिवशी ती मैदानावर गेली. मला वाटलं, सर तिला जवळ घेऊन काही समजावतील. गोवा-कोलकाता पाहिलेला माणूस, दोन शब्द असतील त्यांच्याकडे. सरांनी तिच्या हातात कासऱ्याचं टोक दिलं आणि दुसरं टोक तिच्या जागेवर घेतलेल्या मुलीच्या कमरेला बांधलं. "चार दिवस हायेत," म्हणाले. "तुले जे येते ते इले दे." चार दिवस माझी मुलगी त्या मुलीला दोरानं डावीकडे-उजवीकडे ओढत होती आणि ओरडत होती, अगदी सरांच्याच आवाजात, "शेजारीण पाहा ना बे, चेंडू काय पाहून राह्यली!"

अमरावतीला आम्हीही गेलो. मुलगी सरांजवळ विटेवर बसली, पण तिचं तोंड मैदानाकडे होतं. तिला तेवढी मोकळीक त्यांनी दिली. आमचा संघ उपांत्य सामना एका गोलानं हरला. गोल उजव्या बाजूनं झाला. डावीकडून एकही चेंडू आत गेला नाही. परतीच्या गाडीत सर सगळ्या मुलींजवळून पुढे आले, त्या नव्या लेफ्ट बॅकपाशी थांबले आणि म्हणाले, "चाललं." मग माझ्या मुलीकडे पाहून, थोडं थांबून, तोच शब्द पुन्हा म्हणाले. ती खिडकीकडे वळली. बाळापूरपर्यंत वळलेलीच होती.

तारीख दुरुस्त करून मिळावी म्हणून मी अर्ज केला आहे. तो सध्या माझ्यासारख्याच एका बाबूच्या टेबलावर आहे, त्यामुळे किती दिवस लागतील याची मला नीट कल्पना आहे.

अमरावतीहून आलो त्या संध्याकाळी मुलगी शेजारी सामन्याची हकिगत सांगायला गेली होती. बायको ताटात तांदूळ निवडत होती. मी तिच्यासमोर बसलो आणि म्हणालो, "मी तिचं एक वर्ष खाल्लं."

तिनं एक खडा काढून बाजूला ठेवला.

"दर साली कोजागिरीच्या दोन रोज आंधी मी तिच्या डब्यात शिरा देतो," ती म्हणाली. "तुमाले मालूम नाई. ते दर साली इचारे, माय, आज काय हाय? मी म्हणे, काई नाई, रवा उरला होता. इतक्या साली कोणाच्या घरी रवा उरते का? पण पोरगी कदी काई बोलली नाई. खाऊन टाके."

मग ताट झटकून उठली आणि आत जाता जाता म्हणाली, "औंदा खरं सांगून देईन."